साताचा पाढा

बदरूभायनं पुठ्ठ्याची पाटी टेबलावरून पुढे सरकवली आणि रमणच्या हातातली खारी चहात मोडून पडली. विमानतळावर पाहुण्यांसमोर धरतात तसली पाटी होती. वर सिनेमाच्या कुठल्याशा सोहळ्याचं चिन्ह, खाली ठळक अक्षरांत नाव: कोर्राडो तारेल्ली. शेडच्या बाहेर कुणीतरी ग्राइंडर चालवत होतं, शेजारच्या गॅरेजातून रंगाचा वास येत होता, ओमानमधल्या घाला या गॅरेजांच्या वस्तीतली रोजची सकाळ जशी असते तशीच होती. रमणनं चमच्यानं खारीचा लगदा बाहेर काढला, बशीच्या कडेला नीट ठेवला आणि पाटी पालथी घातली. नाव दिसेनासं झालं, पण आत जे व्हायचं ते होऊन गेलं होतं. मागे एकदा वादीला, डोंगरातल्या कोरड्या नदीला, पूर आला होता तेव्हा जीपच्या तळाशी पाणी लागल्याचं त्याला आधी पायांना कळलं होतं, डोळ्यांना मागाहून. तसंच आताही झालं. त्याचे पाय गार पडले. "ओळखलंस ना?" बदरूभायनं विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता पुढे म्हणाला, "मी ही ट्रिप सुफियानलाच देणार होतो. पण तुझ्या पाठीमागे दिली असती तर उद्या तू माझं तोंड बघितलं नसतंस. म्हणून दाखवली. आता सांग, सुफियानला देऊ ना?"

"मी जातो," रमण म्हणाला.

"अरे, नुसता विमानतळ नाय. परवा सकाळी त्याला इब्रीच्या अलीकडे ती जुनी जागा बघायला न्यायचंय. दोघंच गाडीत. सत्त्याहत्तर वर्षांचा म्हातारा हाय तो. रमण, खुदाला घाबर."

"मी जातो म्हटलं ना."

भाड्याच्या गाड्यांचा हा मालक बदरूभाय रत्नागिरीकडचा, समुद्रकाठचा माणूस. वारा कुठून आहे ते बघून शीड सोडणाऱ्यांच्या घराण्यातला. त्यानं रमणच्या तोंडाकडे पाहिलं आणि गाडीची किल्ली खुंटीवरून काढून दिली. सत्तावीस वर्षांपूर्वी त्या जागेवर तोही होता. त्याच्याच पिकअपच्या हौद्यात रमणच्या धाकट्या भावाला, नंदूला घातलं होतं, त्यामुळे त्याला काही समजावून सांगावं लागत नव्हतं. ही एक सोय होती आणि हीच एक पंचाईत होती, कारण ज्याला सगळं ठाऊक असतं त्याच्यासमोर खोटं बोलता येत नाही. रमणनं किल्ली खिशात टाकली. याला सोडायचा नाही, एवढं एकच वाक्य त्याच्या डोक्यात होतं. सोडायचा नाही म्हणजे काय करायचं, ते त्याला त्या क्षणी विचारलं असतं तर सांगता आलं नसतं.

माणसं देवाची चरित्रं पाठ करतात, रमणनं या माणसाचं केलं होतं. शत्रूची कुंडली घरात मांडून ठेवावी तसं. मागच्या वर्षी आकांक्षानं लॅपटॉपवर शोधून शोधून वाचून दाखवलं होतं, इंग्रजीतून, मधेमधे अडखळत मराठी करत. "बाबा, ही वॉज बॉर्न इन अ पोर्ट. म्हणजे बंदर. त्याचे फादर बोटी रंगवायचे." मुलीला वाटलं बाबांना सिनेमाचं वेड लागलं. वेड होतंच, पण ते निराळं. तरुणपणी तारेल्ली अंगाला तेल चोपडून, कमरेला कातडं गुंडाळून पुराणातल्या पैलवानाची कामं करायचा, पुठ्ठ्याचे खांब खांद्यानं पाडायचा. मग ती लाट ओसरली आणि सगळ्या इटलीला घोड्यावर बसून पिस्तुलं झाडायची हौस आली, तेव्हा यानं कर्ट टेरेल असं अमेरिकन नाव घेतलं आणि स्पेनच्या माळावर मरायला आणि मारायला लागला. आधी बहुतेक मरायला. पुढं केस गेले, पोट आलं, कुणी घोड्यावर बसवेना, तेव्हा तो कॅमेऱ्याच्या मागे गेला आणि स्वस्तातले खुनाचे सिनेमे काढू लागला. त्यांना कुणी विचारलं नाही. आणि मग शहाऐंशी साली त्यानं ओमानच्या वाळवंटात एक सिनेमा काढला, ज्याचं नाव रमण तोंडानं उच्चारत नसे. त्या एका सिनेमानं त्याचं नशीब फळफळलं. बक्षीस मिळालं, लोक त्याला मास्टर म्हणू लागले, तरुण पोरं त्याच्या पायाशी बसून शिकू लागली. आणि त्या सिनेमातलं सगळे ज्याच्याबद्दल बोलतात, ज्याच्यावर त्यानं पुढची सगळी वर्षं मुलाखती दिल्या, ते सगळं मिळून एक दृश्य आहे. एक माणूस मरतो, दुसरा त्याला मांडीवर घेऊन रडतो. आकांक्षानं ते लावलं आणि ओरडली, "बाबा! धिस इज यू!" स्वयंपाकघरातून त्याची बायको सुगंधा हात पुसत आली. पडद्यावरचा चोवीस वर्षांचा रमण तोंड वासून रडत होता आणि त्याच्या तोंडातून एका परक्या पुरुषाचा खर्जातला, घोटून तयार केलेला आवाज बाहेर येत होता. खाली इंग्रजी अक्षरं उमटत होती. आकांक्षानं वाचलं, "ब्रदर, द डेझर्ट हॅज ड्रंक यू. म्हणजे, भाऊ, वाळवंटाने तुला... पिऊन टाकला." रमणला आठवत होतं तो काय ओरडला होता ते. तो ओरडला होता, बदरूभाय, पिकअप आण, पिकअप आण.

तेव्हा तो एका बांधकाम कंपनीत सुतार होता आणि नंदूला त्यानंच गुहागरकडच्या गावातून बोलावून घेतलं होतं. नंदू एकोणीस वर्षांचा होता. त्याला कामापेक्षा गंमत जास्त, आणि गंमतीपेक्षा भूक जास्त. एक दिवस अर्बाबनं, कंपनीच्या अरब मालकानं सांगितलं, तुम्हाला तीन दिवस सिनेमावाल्यांना दिलंय, यल्ला, निघा. पठाण, मल्याळी, बलुची, कोकणी, सगळ्यांना एकाच ट्रकातून उतरवून लांब झगे घातले, डोक्याला फडकी गुंडाळली आणि सगळ्यांचे अरब सैनिक करून टाकले. नंदू झगा वर धरून इकडेतिकडे नाचत होता, "दादा, आपल्या आयेला फोटू पाठवूया." मातीचा एक पडका बुरूज होता, त्याच्या भोवती लढाई करायची होती. माईक कुठेच नव्हता. कॅमेरा घर्र घर्र करायचा, कारण आवाज घ्यायचाच नव्हता. इटलीत त्या काळी तीच रीत होती, चित्र आधी, आवाज मागाहून दुसऱ्या माणसांचा भरायचा. पण तोंडं हलली पाहिजेत. तेव्हा तारेल्ली साहेब काहीतरी म्हणाला, त्याच्या माणसानं ते इंग्रजीत सांगितलं, आणि बदरूभायनं ते हिंदीत गर्जून सगळ्यांना सांगितलं, "मुंह चलाते रहो! गिनती बोलो, जो आता है बोलो! साहब जब तक बास्ता नहीं बोलता, मुंह बंद नहीं!" बास्ता म्हणजे पुरे. मग काय, बुरुजाखाली चार-पाच भाषांतली गिनती सुरू झाली. तलवारी आपटत, मरत मारत माणसं एक दोन तीन म्हणत होती आणि हसू दाबत होती. नंदूला गिनती फार सोपी वाटली. तो पाढे म्हणू लागला. लहानपणी शाळेत पाढे म्हणताना दर ओळीला हनुवटी छातीवर आपटायची त्याची सवय होती, ती तशीच राहिली होती. रमणनं त्याला माजघरात बसवून पाढे पाठ करून घेतले होते. सगळे आले, फक्त साताच्या पाढ्यात तो 'सात सक' पाशी येऊन थांबायचा, वर बघायचा, आणि रमण बेचाळीस म्हणेपर्यंत पुढे जायचा नाही. आईनं मारलं, मास्तरांनी अंगठे धरायला लावले, पण पोराची गाडी सात सकच्या स्टेशनावर उभीच.

विमानतळावर रमण पाटी धरून उभा राहिला. बाहेर पडणाऱ्या प्रत्येक गोऱ्या म्हाताऱ्यात त्याला तो दिसला आणि प्रत्येक वेळी तो नव्हता. मग खरा आला तेव्हा ओळखू आला नाही. त्याच्या मनातला तारेल्ली रुंद छातीचा होता, उघडी बटणं, गळ्यात सोन्याची साखळी, हातात पांढरा रुमाल. समोर आला तो काठी टेकत आलेला, डोक्यावर वेताची टोपी घातलेला, गळ्याची कातडी लोंबलेला एक कृश माणूस. रमणला आधी राग आला. इतकी वर्षं ज्याच्यासाठी दात आवळून ठेवले, तो एवढाच उरला होता. माझ्या वाट्याचा तारेल्ली कुठे ठेवलास, असं त्याला ओरडावंसं वाटलं. म्हाताऱ्यानं त्याचा हात दोन्ही हातांत धरून हलवला आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाला, "माय फ्रेंड, थँक यू." हात ऊबदार होते. रमणनं हॉटेलवर सोडल्यावर पेट्रोलपंपाच्या नळावर आपले हात धुतले, मग स्वतःचंच हसू येऊन परत एकदा धुतले.

"मिटवा ना आता," त्या दिवशी संध्याकाळी सुगंधा वाढता वाढता म्हणाली. "सत्तावीस वर्षं झाली. देवानं काय शिक्षा करायची ती केलीन असंल."

"देवानं त्याला बक्षीस दिलंन," रमण म्हणाला. सुगंधानं आमटीची वाटी जरा जोरात ठेवली. तिनं नंदूला पाहिलंसुद्धा नव्हतं, लग्न त्यानंतरचं. तिच्यासाठी नंदू म्हणजे गावच्या घरातला हार घातलेला एक फोटो, झग्यातला नव्हे, शाळेचा. आई त्याच फोटोसमोर बसून गेली. पोर इमारतीच्या कामावर पडलं, एवढंच तिला ठाऊक होतं. सिनेमात पडलं, आणि मरताना त्याचा सिनेमा केला, हे रमणला तिला सांगता आलं नाही. सांगून तिला कळलं नसतं, आणि कळलं असतं तर ती आणखी आधी गेली असती. माफ केल्यानं माणूस मोठा होतो, असं लोक म्हणतात. रमणला मोठं व्हायचं नव्हतं. तो आहे तेवढाच पुरेसा होता, आणि आहे तेवढा पुरा त्याला या एका कामासाठी हवा होता. जेवण झाल्यावर त्यानं आकांक्षाला लॅपटॉप मागितला. "अगेन, बाबा? तेच?" "तेच." तो नेहमी करायचा तसा त्यानं आवाज बंद केला. तो परका खर्ज ऐकवत नसे, म्हणून आधी आधी त्यानं आवाज बंद करून बघायला सुरुवात केली, आणि आवाज बंद केल्यामुळेच मागच्या उन्हाळ्यात त्याला ते दिसलं होतं. तेव्हापासून त्याची भूक मोडली होती, झोप मोडली होती. पडद्यावर नंदू त्याच्या मांडीवर पडलेला. ओठ हलताहेत. सिनेमात तो एका घोगऱ्या, सुंदर आवाजात म्हणतो की रडू नकोस, तिला सांग मी समुद्र पाहिला. बक्षीस देणाऱ्यांनी ते वाक्य म्हणे भाषणात वाचून दाखवलं. पण ओठ तसे हलत नव्हते. आवाज नसला की दिसायचं, हनुवटी खाली जाते, वर येते, परत खाली जाते. ठेक्यात. शाळेत आपटायची तशी. एके, दुणे, त्रिक, चोक, पंचे.

ते कळलं तेव्हा रमण न्हाणीघरात जाऊन नळ सोडून बसला होता. पोरगं पाढा म्हणत होतं. पाठीचा कणा मोडला, तोंडातून रक्त येतंय, आणि ते पाढा म्हणतंय, कारण साहेबानं बास्ता म्हटलेलं नाही. त्याला वाटलं अजून चालूच आहे. दादा रडतोय ते पण कामातलंच. आपण थांबलो तर साहेब रागावेल, परत करायला लावेल. त्या दिवशी दोनदा करायला लावलंच होतं. बुरुजावरून पडायचं काम एका इटालियन माणसाचं होतं, पण त्याचं पोट बिघडलं. माडावर चढणारं कोण आहे का, असं विचारलं तेव्हा नंदूनं हात वर केला. आनंदानं केला, हे विसरता येत नाही. पहिल्यांदा तो वरून खोक्यांच्या ढिगावर सुरेख पडला, हसत उठला. तारेल्लीनं रुमाल हलवला आणि म्हणाला, "अँकोरा." पुन्हा. दुसऱ्यांदा पडला, पुन्हा चांगला. "अँकोरा." तिसऱ्या वेळी बुरुजाची कडाच सुटली आणि नंदू मातीसकट खोक्यांच्या अलीकडे आला. रमण धावला. कॅमेरा घर्र घर्र करत होता. रमणनं वर पाहिलं, मदतीसाठी पाहिलं, आणि तारेल्ली गुडघ्यांवर बसून रुमालानं खुणावत होता. थांबवायला नव्हे. कॅमेरावाल्याला जवळ बोलावत होता. आणखी जवळ. पडद्यावर ते दृश्य संपतं तिथे नंदू वर बघतो आणि त्याचे ओठ अर्धवट उघडे राहतात. लोक म्हणतात की तो आकाशाकडे बघतो. रमणला माहीत होतं तो कुठे बघतो. सात सक म्हणून झालं होतं. तो बेचाळीसची वाट बघत होता. आणि रमण पिकअप, पिकअप म्हणून ओरडत राहिला.

सकाळी म्हातारा हॉटेलच्या दारात तयार होता. सोहळ्यावाल्यांनी आयत्या वेळी त्याच्याबरोबर नेमलेली बाई पोट बिघडल्यामुळे येत नव्हती, संध्याकाळच्या सोहळ्याला येईन म्हणाली. पोटं नेमकी कधी बिघडतात, असं रमणच्या मनात आलं. रस्ता आता गुळगुळीत झाला होता. तेव्हा खडी होती, पिकअपचे टायर उडत होते आणि हौद्यात रमण नंदूचं डोकं दोन्ही हातांनी धरून बसला होता. म्हातारा बोलका होता. खिडकीतून डोंगर बघून लहान मुलासारखा हरखत होता, जुन्या गोष्टी सांगत होता, पैलवानाच्या काळात पुठ्ठ्याचा खांब खरंच अंगावर पडून बरगडी कशी मोडली ते सांगून स्वतःच खोकेपर्यंत हसला. रमण "येस सर" म्हणत होता. हसू येण्यासारखंच होतं, आणि एकदा तर त्याला खरंच हसू आलं, त्याचा त्याला फार राग आला. माणूस वाईट असला की सगळा वाईट असावा, निदान त्याच्या गोष्टी तरी कंटाळवाण्या असाव्यात. इब्री यायच्या आधी तो डांबरी सोडून कच्च्या वाटेला लागला. फोनची रेंज कमीजास्त होत होती. बदरूभायचा फोन आला, "पोचलास? सगळा ठीक हाय ना?" "ठीक," म्हणून त्यानं ठेवून दिला.

बुरूज तेव्हा होता त्याच्या अर्ध्यावर आला होता. बाकी काही नव्हतं, थोड्या बाभळी, दूर शेळ्या, आणि ऊन. ऊन मात्र तसंच होतं, पांढरं, वरून खाली दाबणारं. गाडीतून उतरताना म्हातारा टोपी सीटवर विसरला. रमणला ती दिसली. त्यानं सांगितलं नाही. म्हातारा काठी टेकत बुरुजापर्यंत गेला, मातीवर तळहात ठेवला आणि डोळे मिटले. मग वळून म्हणाला, "इथे, माय फ्रेंड, इथे मी माझ्या आयुष्यातला सगळ्यात चांगला शॉट घेतला."

"मला माहीत आहे," रमण इंग्रजीत म्हणाला. "त्यात मी आहे." इतकी वर्षं हे वाक्य तो वेगवेगळ्या तऱ्हांनी म्हणून बघत आला होता, गाडी चालवताना, दाढी करताना, आरशात. आत्ता ते अगदी साध्या आवाजात आलं. "जो मेला तो माझा भाऊ. नंदू नाव होतं."

म्हातारा जवळ आला, काठी काखेत धरली आणि रमणचा चेहरा दोन्ही तळहातांत घेतला, त्याच्या कपाळावरून, गालांवरून अंगठे फिरवले. "तूच," तो म्हणाला. "तोच चेहरा. अरे, युरोपभर लोक या चेहऱ्यासाठी रडले. सिनेमाच्या शाळांमधून शिकवतात तुला." त्याचे डोळे भरून आले होते. रमणनं त्याचे हात काढले नाहीत. तो वाट बघत होता. आता म्हणेल, आता म्हणेल. पण म्हाताऱ्यानं विचारलं ते निराळंच. "मला एक सांग. मी सत्तावीस वर्षं विचार करतोय. तो पोरगा तेव्हा काय म्हणत होता? आम्ही तर आमचे शब्द घातले. मला वाटायचं देवाचं नाव असेल. किंवा आईचं."

"पाढा," रमण म्हणाला. इंग्रजी शब्द त्याला पटकन सुचेना, मग सुचला. "टेबल. सेव्हन वन्स आर सेव्हन. तू सांगितलं होतंस तोंड चालू ठेवा, बास्ता म्हणेपर्यंत. तू म्हटलं नाहीस."

शेळ्या बाभळीखाली सरकल्या. म्हाताऱ्याचा खालचा ओठ थरथरत होता, आणि रमण त्या ओठाकडे बारकाईनं बघत होता. हे खरं आहे का? हा माणूस तरुणपणापासून पैसे घेऊन मरत आलाय, रडत आलाय. याच्या ओठावर विश्वास कसा ठेवायचा? यानं माझं खरं रडणं घेऊन त्याचं नाटक केलं, आणि आता त्याचं रडणं खरं का नाटक, ते मला ओळखता येत नाही. एवढंही यानं माझ्याकडे ठेवलं नाही. त्या क्षणी रमणला काय करायचं ते कळलं. ते फार सोपं होतं, इतकं सोपं की आधी कसं सुचलं नाही याचं नवल वाटावं.

"तिथे उभा राहा," तो म्हणाला. "त्या उन्हात, तिथे. तो पडला तिथे. आणि पाढा म्हण. साताचा. तुझ्या भाषेत. मी बास्ता म्हणेपर्यंत."

नाही म्हणायची सोय होती. रमणच्या हातात काही नव्हतं, आवाजही चढलेला नव्हता. पण म्हाताऱ्यानं मान हलवली, काठी बुरुजाला टेकवून ठेवली आणि सांगितल्या जागी जाऊन उभा राहिला. रमण मागे सरून गाडीला टेकला. पाय जुळवले. खांदे मागे घेतले. सगळा जन्म कुणी दाखवलेल्या जागेवर उभं राहण्यात गेलेला माणूस, त्याला जागा कशी घ्यायची ते सांगावं लागलं नाही. "सेत्ते पेर उनो, सेत्ते," त्यानं सुरुवात केली. "सेत्ते पेर दुए, क्वात्तोर्दिची." आणि त्याची हनुवटी खाली गेली. वर आली. पुन्हा खाली. बंदरावरच्या कुठल्यातरी शाळेत यालाही कुणीतरी मारून मुटकून शिकवलं होतं तर. तोही कुणाचातरी धाकटा असेल. टक्कल लाल होत चाललं होतं, घामाची धार कानामागून गळ्यात उतरत होती, आवाज पहिल्यांदा कापरा होता तो हळूहळू भरत गेला, हात उठले, डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. सुंदर म्हणत होता. त्याच्या सुंदर म्हणण्याची रमणला शिसारी आली. चौथी ओळ, पाचवी. सहावीपाशी रमणनं श्वास धरला. म्हातारा थांबला नाही. त्यानं सहावी ओळ म्हटली, तिचं उत्तर म्हटलं, सहज, कुणाकडे न बघता, आणि पुढे सातवीला गेला. मग आठवी, नववी. दहावी म्हणून त्यानं हात खाली सोडले. पाढा पुरा झाला होता. नंदूचा झाला नव्हता.

मग म्हाताऱ्यानं डोळ्यांवर हाताचा आडोसा केला आणि गाडीकडे बघून विचारलं, "बुओना?" चांगलं झालं? अगदी हळू, आशेनं. नंदू खोक्यांतून हसत उठायचा तेव्हा असाच बघायचा. रमणच्या तोंडात शब्द तयार होता. सत्तावीस वर्षं तो कुणीतरी म्हणायला हवा होता. तो बुरुजाकडे वळला, म्हाताऱ्याला ऐकू जाणार नाही इतक्या बारीक आवाजात म्हणाला, "बेचाळीस. बास्ता, नंदू. झालं. ऊठ आता." त्याला वाटलं होतं आता रडू येईल, आणि त्यानंतर सगळं सैल होईल, राग उतरेल, म्हाताऱ्याला पाणी द्यावं, टोपी द्यावी, सोहळ्याला वेळेवर पोचवावं. रडू आलं नाही. राग होता तिथेच होता, फक्त आता त्याला घाई नव्हती. म्हातारा अजून उभा होता, हाताच्या आडोशाखालून बघत होता, एका पायावरून दुसऱ्यावर भार टाकत होता.

"अँकोरा," रमण ओरडला.

म्हाताऱ्याचा हात खाली आला. त्याच्या चेहऱ्यावरून काहीतरी उतरून गेलं. आत्ताचं मात्र खरं होतं, रमणला अगदी नक्की कळलं. मग त्यानं जिभेनं ओठ ओले केले, पाय जुळवले, खांदे मागे घेतले. रमण गाडीत जाऊन बसला. इंजिन सुरू केलं, गार हवा तोंडावर घेतली, शेजारच्या सीटवरची वेताची टोपी उचलून मागे टाकली. बदरूभायचा फोन वाजू लागला, वाजून वाजून थांबला. त्याला बरं वाटत होतं. कुणी विचारलं असतं तर त्यानं ते नाकारलं नसतं. त्यानं काच वर घेतली. पलीकडे पांढऱ्या उन्हात म्हाताऱ्याची हनुवटी खाली जात होती, वर येत होती, परत खाली जात होती, आणि आवाज येत नव्हता.